रेषेला रुंदी नसते

बाईंना निवृत्त व्हायला दहा दिवस उरले होते आणि भावांना बोलतं करायलाही तेवढेच. पहिलं काम आपोआप होणार होतं, त्यासाठी नुसतं कॅलेंडर पुरे होतं. दुसऱ्या कामाने मात्र अडीच वर्षं त्यांच्या नाकी नऊ आणले होते.

बाई म्हणजे शाळेतल्या भूमितीच्या बाई. चौतीस वर्षं त्या एकच विषय शिकवत आल्या आणि त्यात त्यांची चूक काढायची कुणाची शामत नव्हती. त्यांना दोन भाऊ, दोघेही त्यांच्याहून लहान, दोघेही सुतार. थोरला दारं-खिडक्या करायचा, धाकटा टेबलं आणि कपाटं. वडिलांच्या मागे कारखाना दोघांनी मिळून चालवला, आणि चांगला चालवला. दोघांचे हात असे, की फळीवर रंधा फिरला की लाकूड गुळगुळीत होऊन गप्प बसायचं. सुतार गप्प बसले ते नंतर.

भांडण कशावरून झालं ते ऐकलंत तर हसाल. थोरल्याने एक खिडकी केली होती, गिऱ्हाईक ती न्यायला आलं होतं, आणि धाकट्याने त्या गिऱ्हाइकासमोर चौकटीच्या मागे टॉर्च धरली. सांध्यातून उजेड दिसला. "दादा, हा सांधा उघडतोय," एवढंच तो म्हणाला. ते खरंही होतं, पण गिऱ्हाईक घरी जाईपर्यंत धीर धरला असता तर काय बिघडणार होतं? थोरल्याच्या नाकावर राग मुळातच बसलेला असतो, त्याला उठून यावंही लागत नाही. त्याने रंधा खाली ठेवला, हात झटकले, "एवढं कळतं तर तूच कर," म्हणाला आणि बाहेर पडला. संध्याकाळी परत आला तो बोलणं बंद करूनच. धाकटा दोन दिवस दादा-दादा करत त्याच्या मागे फिरला. तिसऱ्या दिवशी त्याचंही डोकं फिरलं.

महिन्याभरात कारखान्याच्या मधोमध प्लायवुडची भिंत उभी राहिली. गंमत अशी, की ती भिंत दोघांनी मिळून उभारली. एकाने धरलं, दुसऱ्याने ठोकलं, तोंडातून अक्षर न काढता. बाईंनी नंतर जाऊन पाहिलं तर अख्ख्या भिंतीत कुठे फट म्हणून नव्हती. एवढं चांगलं काम एवढ्या वाईट कारणासाठी केलेलं बाईंनी आयुष्यात पाहिलं नव्हतं, आणि तसं त्यांनी दोघांनाही सुनावलं, अर्थात वेगवेगळं.

तेव्हापासून निरोप्याचं काम बाईंच्या गळ्यात पडलं. थोरल्याचं दार पुढच्या रस्त्यावर, धाकट्याचं मागच्या गल्लीत. मधून वाट नाही. शाळा सुटली की बाई पुढून मागे आणि मागून पुढे असा अख्ख्या इमारतीला वळसा घालायच्या. त्याला सांग, सरसाचं भांडं झाकून ठेव, वास इकडे येतो. त्याला म्हणावं, सकाळी सातला करवत सुरू करायची तर आधी माणसं उठू देत. प्लायवुड ते केवढं, पलीकडचा सगळं ऐकत असायचा. तरी बाई घामाघूम होऊन त्याच्या दारात पोचेपर्यंत तो काही कानावर आलंच नाही असा चेहरा करून उभा, आणि वर विचारणार, काय म्हणाला तो? बाई मग निरोप सांगायच्या, धुऊन आणि इस्त्री करून. निम्मे निरोप तर त्या वाटेतच टाकून यायच्या. कुठले टाकायचे ते त्यांना बरोबर कळायचं.

पण आता लेकीला जुळं झालं होतं. ती दूरच्या शहरात, नोकरी करणारी, दोन तान्ह्या पोरांनी तिचा जीव मेटाकुटीला आलेला. निवृत्त झाल्या की चौथ्या दिवशी बाई कायमच्या तिकडे जाणार होत्या. तिकीट निघालं होतं, सामान खोक्यांत गेलं होतं. बाईंना झोपेतही एकच प्रश्न पडायचा, की मी गेल्यावर या दोघांचं काय. मधला माणूस गेला की संपलं. एक आजारी पडला तर दुसऱ्याला शेजाऱ्याकडून कळेल. त्यांची घरं वेगळी होतीच, आता बहीणही गेली की ते एकमेकांचे कुणी उरणार नव्हते. 

तेवढ्यात शाळेने विचारलं, निरोपाला काय भेट देऊ? मुख्याध्यापिका बाईंची जुनी मैत्रीण. तिला वाटलं, बाई घड्याळ म्हणतील किंवा शाल म्हणतील. बाई म्हणाल्या, मला काही नको, मैदानातल्या झाडाभोवती एक बाक करा. जुन्या व्यासपीठाच्या फळ्या गोदामात पडून आहेत, त्या वापरा. आणि करतील माझे भाऊ.

आता बघा बाईंचं डोकं कसं चालतं. गोल बाक त्यांना नको होता, कारण गोल बाक एकट्याने करता येतो. पाच बाजूंचा दोघांत सारखा वाटता येत नाही. सात बाजूंचा केला तर एकाला चार येणार, दुसऱ्याला तीन, म्हणजे भांडणाला नवं निमित्त. शिवाय सातने तीनशे साठला भागायला गेलं की दशांशचिन्हानंतर आकड्यांची जी रांग लागते ती काही थांबत नाही. सहा बाजू चालल्या असत्या, पण झाड जाड होतं. म्हणून आठ. सुसम अष्टकोन, सगळ्या बाजू सारख्या, सगळे कोन सारखे. चार बाजू थोरल्याने करायच्या, चार धाकट्याने. दोन अर्धे मैदानात आणून जोडायचे. जोडताना दोन सांधे असे येणार, की एक टोक याचं आणि एक टोक त्याचं. एकाने धरल्याशिवाय दुसऱ्याला स्क्रू मारता यायचा नाही. निदान 'धर' आणि 'सोड' एवढं तरी बोलावं लागेलच, असा बाईंचा हिशेब होता. भिंत उभारताना यांनी तेही बोलायचं टाळलं होतं, हे त्या सोयीस्करपणे विसरल्या होत्या.

बाह्यकोन ही तर बाईंची खास आवडीची गोष्ट. वर्गात त्या तो फळ्यावर शिकवत नसत, सगळ्यांना मैदानात नेत. आकृतीच्या आत काय चाललंय ते सोडा, म्हणत. बाजूवरून सरळ चालत जा, कोपरा आला की वळा, आणि किती वळलात तेवढं लक्षात ठेवा. फिरून निघालात तिथे परत आलात, तोंड पहिल्याच दिशेला झालं, म्हणजे तुम्ही पुरतं एक वर्तुळ वळलात. तीनशे साठ. मग बाजू तीन असोत की तीस. कोपरे जास्त असले तर दर कोपऱ्याला थोडं थोडं वळा, कमी असले तर जास्त. लहानपणी त्यांनी दोन्ही भावांनाही कारखान्यात खडूने आकृत्या काढून अशाच फिरवल्या होत्या. थोरला प्रत्येक कोपऱ्यावर गरजेपेक्षा जास्त वळायचा, धाकटा कोपऱ्यावर थांबून खडू खोडायचा.

बाईंनी आलेखाच्या कागदावर टोकदार पेन्सिलीने आकृती काढली, तिची हुबेहूब दुसरी प्रत केली आणि खाली सुवाच्य अक्षरात लिहिलं: बाजू चार फूट. बाह्यकोन पंचेचाळीस अंश, म्हणून प्रत्येक टोकाला काप त्याच्या निम्मा, साडेबावीस अंश. बसायच्या पाटाची रुंदी दीड फूट. उंची सव्वा फूट. कागद इतका नेटका झाला होता, की त्या स्वतःच दोन मिनिटं बघत राहिल्या.

थोरल्याने कागद घेतला, वाचला आणि उरलेल्या चार बाजू कोण करणार असं विचारलं. बाई म्हणाल्या, तुला माहीत आहे कोण. त्यावर तो बराच वेळ एका फळीला रंधा मारत राहिला, जी आधीच गुळगुळीत होती. मग म्हणाला, त्याला साडेबावीस जमणार आहे का, विचार. बाई वळसा घालून मागच्या गल्लीत गेल्या. धाकट्याने ऐकलेलंच होतं. तो म्हणाला, दादाला म्हणावं, या वेळी मी टॉर्च आणणार नाही, मैदानात लख्ख ऊन असतं, तसंच दिसेल. हा निरोप बाईंनी गल्लीच्या तोंडाशी टाकला आणि थोरल्याला सांगितलं, हो म्हणाला, करतो.

काम सुरू झालं. परीक्षा संपल्या होत्या, उत्तरपत्रिकांचे गठ्ठे घरी आले होते, बाईंना मान वर करायला फुरसत नव्हती. तरी रोज त्या दोन्हीकडे डोकावायच्या. इकडे फळ्या रचलेल्या, तिकडे फळ्या रचलेल्या. भुशाचा तोच वास दोन्हीकडे. दोघांनी पाट दीड फुटाचा केला होता, बोटभरही फरक नव्हता. बाईंचा जीव सुखावला.

चौथ्या दिवशी त्या काखेत गठ्ठा घेऊन थोरल्याच्या दारात उभ्या होत्या. पलीकडे करवत किंचाळत होती, तेव्हा धाकट्याला ऐकू जायचा प्रश्न नव्हता. थोरल्याने फळीवर टेप लावली होती, पेन्सिल कानावर होती. तो म्हणाला, त्याला एक विचारून ये, माप कुठून धरलंय.

बाईंना तपासायच्या होत्या एकशे बारा उत्तरपत्रिका. ऊन मी म्हणत होतं. आणि प्रश्न तरी केवढा वेडगळ. कुठून म्हणजे काय? कागदावर लिहिलंय, बाजू चार फूट. बाजू म्हणजे बाजू, या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत, यात विचारायचं काय? असं त्यांनी थोरल्याला चांगलं खडसावलं. त्याने कानावरची पेन्सिल काढून फळीवर खूण केली. भूमितीत ताईशी वाद घालायचा नाही हे तो सहावीत शिकला होता. बाई वळसा न घालता सरळ घरी गेल्या. अडीच वर्षांत त्यांनी निरोप गाळले होते, बदलले होते, पण प्रश्न न विचारताच त्याचं उत्तर देऊन टाकण्याची ही पहिलीच वेळ.

रविवारी सकाळी शाळा रिकामी होती. मैदानात बाई आणि मुख्याध्यापिका, दोघीच. मुख्याध्यापिकेने चहाचा थर्मास आणि खुर्च्या आणल्या होत्या. थोरला आधी आला. त्याने आपला अर्धा अष्टकोन जोडूनच आणला होता, ट्रकमधून तो उतरवायला चौघे लागले. झाडाच्या डाव्या हाताला त्याने तो मांडला, चार बाजू, एकीला एक लागून, कुठे फट नाही. तो पाहून मुख्याध्यापिका उभी राहिली. केवढा ऐसपैस, म्हणाली. बाईंना थोडा ऐसपैसच वाटला, पण त्यांनी भरभरून कौतुक केलं. थोरला फडक्याने हात पुसत झाडाकडे तोंड करून उभा राहिला, म्हणजे फाटकातून येणाऱ्याकडे आपसूक पाठ होईल.

पंधरा मिनिटांनी धाकटा आला. त्याचा अर्धा दोघांनीच उतरवला. तेव्हाच बाईंच्या मनात पाल चुकचुकली. धाकट्याने भावाकडे न बघता आपला बाक झाडाच्या उजव्या हाताने सरकवत आणला, आणि टोकं भिडायची वेळ आली.

टोकं भिडली नाहीत. थोरल्याच्या बाकाचा आतला कोपरा आणि धाकट्याच्या बाकाचा बाहेरचा कोपरा, एवढेच एकमेकांना टेकले. इकडेही तसंच, तिकडेही तसंच. बाकी एकाचा पाट बाहेर राहिला, दुसऱ्याचा आत. बापाचा सदरा आणि लेकराचं झबलं एकाच दोरीवर वाळत घातलेलं दिसावं तसं ते दिसत होतं. मुख्याध्यापिकेने अगदी हळू आवाजात विचारलं, हे असंच असतं का?

 मग थोरला झाडाकडे बघत बाईंना म्हणाला, त्याला विचार, चार फूट म्हणजे किती हे त्याला माहीत आहे का. धाकटा फाटकाकडे बघत बाईंना म्हणाला, त्याला सांग, टेप इथेच आहे, मोजून घे. थोरल्याने धाकट्याच्या बाकाची बाहेरची कड मोजली. चार फूट, चोख. धाकट्याने थोरल्याच्या बाकाची आतली कड मोजली. चार फूट, चोख. दोघेही उठले आणि दोघांनीही एकदमच बाईंकडे पाहिलं.

बाईंना लख्ख कळलं. खिडकी करणारा माणूस माप आतून घेतो, कारण आत काच बसायची असते. टेबल करणारा बाहेरून घेतो, कारण ते खोलीत मावायचं असतं. दोघेही आपापल्या जागी बरोबर होते. दीड फूट रुंद पाटाला दोन कडा असतात, आतली आखूड आणि बाहेरची लांब, आणि त्यांच्या त्या सुंदर कागदावर मात्र प्रत्येक बाजूला एकच पेन्सिलीची रेघ होती. रेषेला लांबी असते, रुंदी नसते, हे त्यांनी चौतीस वर्षं पोरांकडून घोकून घेतलं होतं. लाकडाला असते हे त्यांच्या ध्यानातच आलं नाही. थोरल्याच्या आलं होतं. त्याने विचारलंही होतं.

थोरला म्हणालाच, मी निरोप दिला होता, माप कुठून धरलंय म्हणून. धाकटा म्हणाला, मला कुणी काही विचारलं नाही. दोन्ही वाक्यं बाईंना उद्देशून होती.

बाईंनी चष्मा काढला, पदराने पुसला, परत घातला. वर्गात कधी फळ्यावर बेरीज चुकली तरी, तुमचं लक्ष आहे का बघत होते, असं म्हणून त्या वेळ मारून न्यायच्या. आज ते सुचलं असतं तरी म्हणवलं नसतं.

"माझं चुकलं," त्या म्हणाल्या. "विचारायला गेलेच नाही मी. मला वाटलं, मला येतं."

फळ्या संपल्या होत्या. धाकट्याचा बाक मोठा करता येणार नव्हता. थोरला बाईंना म्हणाला, मी माझा कापून लहान करतो. धाकटा बाईंना म्हणाला, काही कापायची गरज नाही, मी माझा घरी नेतो, नवीन लाकूड बघतो. थोरला बाईंना म्हणाला, त्याला म्हणावं, उपकार नकोत. बाई मध्ये उभ्या, मान इकडून तिकडे. शेवटचा डाव होता आणि तो त्यांनी स्वतःच्या हाताने उधळला होता. भाऊ आता फक्त दोन बाक घेऊन दोन दिशांना जाणार आणि चार दिवसांनी त्या तिसऱ्या दिशेला.

तेवढ्यात थोरल्याच्या ट्रकवाल्याने भोंगा वाजवला. त्याला वळून बाहेर पडायचं होतं आणि धाकट्याच्या बाकाचं टोक वाटेत येत होतं. धाकटा बडबडत पुढे झाला, बरोबर आणलेल्या माणसाला हाक मारली आणि दोघांनी बाक उचलून झाडाला वळसा घालून पलीकडे नेला. तिथे मोकळी जागा एकच होती, थोरल्याच्या बाकाच्या पोटात. धाकट्याने त्यात आपला बाक ठेवला आणि वाट मोकळी व्हावी म्हणून टाचेने एक रेटा दिला. बाक सरकला. लाकडावर लाकूड टेकल्याचा 'टप्प' असा बारीक आवाज झाला, आणि बाक जागच्या जागी बसला.

धाकटा वळून निघाला होता, तो थांबला. थोरला झाडाकडे बघायचं सोडून बाकाकडे बघत होता.

धाकट्याच्या बाकाची बाहेरची कड थोरल्याच्या बाकाच्या आतल्या कडेला लागली होती. एका बाजूला नाही, चारही बाजूंना. तीनही कोपरे कोपऱ्यांत. टोकंसुद्धा एका ओळीत. बसणारच होती म्हणा, एकाचं आतलं चार फूट आणि दुसऱ्याचं बाहेरचं चार फूट, पण असं मागाहून म्हणणं सोपं असतं. त्यासाठी दोघांचे मिळून सोळा काप बिनचूक असावे लागतात. एकानेही एखाद्या अंशाचा आळस केला असता तर कुठेतरी फट पडलीच असती.

थोरला गुडघ्यांवर बसला. त्याने पहिल्या बाजूवरून तळहात फिरवला, दुसऱ्या, तिसऱ्या, चौथ्या. हात कुठे अडला नाही. त्याने सावकाश मान वर केली.

"किती ठेवला होतास?"

धाकट्याने आधी मागे वळून पाहिलं, प्रश्न आणखी कुणाला आहे का म्हणून. मागे कुणी नव्हतं. बाई आठ पावलांवर होत्या.

"साडेबावीस," धाकटा म्हणाला.

"मशीनच्या काट्यावर?"

"छे. काट्याचा काय भरवसा? रद्दी लाकडाचे आठ तुकडे कापले आधी. जोडून पाहिले, रिंगण मिटलं, मग फळीला हात लावला."

"मीपण आठच तुकडे कापले," थोरला म्हणाला.

वडिलांनी शिकवलेली ती रीत दोघांनीही सोडली नव्हती. आठ तुकडे जोडायचे, शेवटचा सांधा बघायचा. आधीच्या सात सांध्यांत जी काही चूक लपली असेल ती सगळी आठव्यात बाहेर पडते. भिंतीच्या अलीकडे आणि पलीकडे, बहुतेक एकाच दुपारी, दोघांनी तेच केलं होतं. कोन दोघांनी तपासला होता, माप कुणी तपासलं नव्हतं, कारण माप ताईने दिलं होतं.

त्याच क्षणी दोघांच्याही हे ध्यानात आलं असावं. धाकट्याच्या ओठाचा कोपरा हलला. तो म्हणाला, "ताईच्या रेषेवर कुणीतरी बसून दाखवावं, दादा." आणि थोरला, ज्याला हसताना बाईंनी अडीच वर्षांत पाहिलं नव्हतं, तो गवतात बसकण मारून हसायला लागला.

पुढचा अर्धा तास दोघांनी बाईंची यथेच्छ टर उडवली. सहावीत ताईने आपल्याला कशा आकृत्यांवरून पळवलं, उत्तर चुकलं की कान कसा पिळायची, आणि आज कुणाचा कान पिळायचा, यावर त्यांचं चटकन एकमत झालं. बाई वरवर रागावल्या. मुख्याध्यापिकेने चहा ओतला, तो थंड झाला, तरी कुणाचं लक्ष नव्हतं, कारण तोवर सुतार कामाला लागले होते.

झाडाभोवती रिंगण आता होणार नव्हतं. पण दोन रांगा होत होत्या, झाडाकडे तोंड करून. पुढची लहान, मागची मोठी. मागची मात्र उंच करायला हवी, म्हणजे पाय पुढच्या पाटावर ठेवता येतील. धाकट्याचं म्हणणं, मागच्या बाकाला खालून फूटभराचे ठोकळे देऊ. थोरला म्हणाला, बारक्या, फुटाने काय होतंय, माणसाचे गुडघे हनुवटीला लागतील, सव्वा फूट पाहिजे. धाकटा म्हणाला, पोरं बसणार आहेत, तुझ्यासारखी ताडमाड माणसं नाहीत. मग टेप निघाली. धाकट्याला पुढच्या बाकावर उभं करून गुडघ्यापर्यंत मोजलं, मग बसवून मोजलं, मुख्याध्यापिकेलाही बसवून मोजलं. तिला हे इतकं आवडलं, की आपण आता वर्ग इथेच घेणार, असं तिने जाहीर करून टाकलं. आवाज चढले, एकदा तर चांगलेच चढले, पण ते एकमेकांवर चढले, मध्ये कुणी नव्हतं. सव्वा फूट ठरलं.

ठोकळे आले ते दुपारी. धाकटा पलीकडच्या टोकाला बाकाखाली आडवा होऊन स्क्रू मारत होता, नुसते पाय बाहेर दिसत होते. थोरला अलीकडच्या टोकाशी बसून पाट हलवून बघत होता. मग स्वतःशीच म्हणाल्यासारखा म्हणाला, तिकडचा मधला पाय डुलतोय, पाचर लागेल.

बाई खुर्चीवरून उठल्या. मुद्दाम नव्हे, अडीच वर्षांची सवय, पाय आपोआप निघाले. थांब, त्याला सांगते, म्हणत त्या बाकाला वळसा घालायला लागल्या.

"तू बस गं, ताई," थोरला वर न बघता म्हणाला. "मी सांगतो त्याला."

बाई होत्या तिथेच बसल्या, मागच्या रांगेत, अडीच फूट उंचावर. हेच तीन शब्द ऐकण्यासाठी त्यांनी पुढून मागे, मागून पुढे किती खेटे घातले होते. त्यांना मनापासून आनंद झाला. आणि आता आपण खुशाल जाऊ शकतो, आपल्यावाचून इथे कुणाचं काही अडणार नाही, हेही त्यांना त्याच वेळी कळलं, आणि ते सोसेना. त्या तोंडाला पदर लावून रडायला लागल्या. समोर थोरला मोठ्याने हाक मारत होता, बारक्या, अरे बारक्या, आणि बाकाखालून उत्तर आलं, ओरडू नकोस, ऐकतोय.